चोर्ल्याच्या कड्यावर माणसं गप्प का होतात

माझा एक मित्र बेळगावच्या उद्यमबागेतल्या एका मशीन शॉपमध्ये सुपरवायझर आहे. जून उजाडला की त्याचे रविवार ठरलेले. सकाळी सहाला मोटारसायकल काढायची, पिरनवाडी, किणये, जांबोटी, कणकुंबी करत चोर्ला घाट गाठायचा, कड्याच्या बाजूला तासभर उभं राहायचं आणि जेवणाच्या वेळेला घरी. जाऊन-येऊन शंभरेक किलोमीटर, तेही पावसात. बायको मोसमात एकदा तरी विचारतेच, "काय ठेवलंय हो तिथं?" तो म्हणतो, "बरं वाटतंय." हे उत्तर बायकोला पटत नाही, आणि खरं सांगायचं तर त्यालाही पटत नाही. बरं तर कुंदा खाऊनही वाटतं.

गेल्या जुलैत मी त्याच्या मागे बसून गेलो. वाटभर त्याची बडबड चालू. कास्टिंगला भोकं पडलेली, पार्टीनं अख्खा लॉट परत पाठवलेला, लेथवरचा पोरगा न सांगता गावी गेलेला. कड्यावर पोचलो तर धुकं इतकं, की रस्त्याचा कठडासुद्धा चार पावलांवर विरघळलेला. रेनकोट घालून अर्धा तास उभे होतो. हा आपला सांगतोय, "मग पार्टी म्हणाली..." आणि खालून वारा आला. धुकं मधोमध फाटलं. समोर दरी आहे हे तेव्हा कळलं. पलीकडच्या डोंगरावरून पाण्याच्या तीन-चार पांढऱ्या रेघा उतरत होत्या, इतक्या लांब की त्यांचा आवाज येत नव्हता. खाली झाडं इतकी खोल की ती झाडं नसून शेवाळ वाटावं. जेमतेम अर्धं मिनिट. मग परत सगळं पांढरं.

पार्टी काय म्हणाली ते त्यानं मला आजपर्यंत सांगितलेलं नाही.

त्या अर्ध्या मिनिटात डोक्यात काय होतं आणि तेवढ्यासाठी माणूस दर रविवारी भिजत का जातो, यावर मानसशास्त्रात गेली चाळीसेक वर्षं बरंच काम झालंय. ते वाचताना मला एक गोष्ट जाणवली. आपण जिला 'रानाची ओढ' म्हणतो ती एकच भावना नाही. तीन-चार वेगवेगळ्या गरजा एकाच पिशवीत भरलेल्या आहेत, आणि एकीवरचा उपाय दुसरीला लागू पडत नाही.

सोपं ते आधी उरकू. पहिली गरज थकलेल्या डोक्याची. मराठीत आपण 'लक्ष देणं' आणि 'लक्ष जाणं' असे दोन वेगळे प्रयोग करतो. विल्यम जेम्स या अमेरिकन मानसशास्त्रज्ञानं १८९० साली हाच फरक सांगितला होता: एक लक्ष आपण मुद्दाम लावतो, दुसरं आपोआप लागतं. पुढं मिशिगन विद्यापीठातल्या रेचल आणि स्टीफन कॅप्लन या दांपत्यानं त्यावर एक सिद्धांत उभा केला. त्यांचं म्हणणं असं की लक्ष देण्याची ताकद दिवसभर वापरून दमते. मायक्रोमीटरवरचा आकडा वाचायचा, शेजारच्या मशीनचा आवाज ऐकायचा नाही, खिशातला फोन वाजला तरी उचलायचा नाही, हे सगळं लक्ष देणं. आणि त्यातला मोठा भाग नको त्या गोष्टी अडवून धरण्यात खर्च होतो. ही ताकद भरून यायची तर काही काळ लक्ष नुसतं जायला हवं. तेही हळुवार. क्रिकेटची मॅच किंवा मोबाईलवरचा रील पण लक्ष खेचतो, पण तो मानगूट धरून खेचतो, मधे विचाराला जागा ठेवत नाही. ढग, पाणी, हलणारी पानं लक्ष धरतात आणि तरी मन मोकळं सोडतात.

याला आधार देणारे अभ्यास आहेत. रॉजर उलरिक यांनी पेनसिल्व्हेनियातल्या एका इस्पितळाच्या नोंदी तपासून १९८४ साली दाखवलं की पित्ताशयाच्या ऑपरेशननंतर ज्यांच्या खिडकीतून झाडं दिसत होती ते रोगी, विटांची भिंत दिसणाऱ्यांपेक्षा सरासरी पाऊण दिवस लवकर घरी गेले, आणि त्यांना कडक वेदनाशामकं कमी लागली. रोग्यांच्या जोड्या मात्र २३च होत्या. २०१५ साली स्टॅनफर्डच्या संशोधकांनी काही जणांना ९० मिनिटं गवताळ, झाडांच्या वाटेवर चालवलं आणि काहींना वाहतुकीच्या रस्त्याच्या कडेनं. रानवाटेवरून आलेल्यांचं तेच ते उगाळत बसणं कमी झालं, आणि मेंदूच्या त्याच्याशी संबंधित भागातली हालचालही. तिथंही माणसं ३८. इंग्लंडमधल्या सुमारे २०,००० लोकांच्या पाहणीतून २०१९ साली आठवड्याला १२० मिनिटांचा आकडा पुढं आला: तेवढा वेळ निसर्गात घालवणारे लोक तब्येत बरी असल्याचं जास्त सांगतात. आता, धडधाकट माणूसच जास्त फिरतो ही शंका कुणालाही येईल, आणि ती रास्त आहे. तरी सगळे दुवे एकाच दिशेला बोट दाखवतात, एवढं मान्य करायला हरकत नाही.

पण यातली गंमत अशी, की या गरजेला अफाट रान लागतच नाही. कॅप्लननी जागेच्या गुणांत 'विस्तार' हा एक गुण धरलाय खरा, पण तो चौरस किलोमीटरचा नव्हे. मनाला शिरता येईल, हिंडता येईल एवढी जागा असली की झालं. लहानशा जपानी बागेतसुद्धा तो मिळतो असं त्यांनी म्हटलंय. म्हणजे टिळकवाडीतल्या व्हॅक्सिन डेपोच्या झाडांखालून संध्याकाळी दोन फेऱ्या मारल्या तरी काम व्हावं. मी हे मित्राला सांगितलं. तो आठवडाभर गेला. मग म्हणाला, "डोकं उतरतंय रे तिथं. पण तोंड बंद होत नाही."

हे त्यानं अगदी नेमकं पकडलं. तोंड बंद होणं ही दुसरी गोष्ट.

तिच्यावर २००३ साली डॅकर केल्टनर आणि जोनाथन हाइट या दोघा मानसशास्त्रज्ञांनी एक महत्त्वाचा निबंध लिहिला. ज्या भावनेला आपण विस्मय म्हणू, थक्क होणं म्हणू, तिच्यासाठी त्यांच्या मते दोन गोष्टी लागतात. समोर आपल्यापेक्षा फार मोठं काहीतरी हवं, आणि ते डोक्यातल्या तयार मापात बसता कामा नये. चिपट्यानं कणगी मोजायला बसल्यासारखं. रोजच्या जगण्यात आपलं माप पुरतं: हा रस्ता रुंद, तो माणूस उंच, ही इमारत चार मजली. कड्यावर धुकं फाटतं तेव्हा ते माप पुरत नाही आणि दुसरं हाताशी नसतं. नवं माप घडेपर्यंत माणूस अडकून पडतो. बोलणं थांबतं ते त्यामुळेच असावं, असा माझा अंदाज आहे. बोलायला मापं लागतात.

मग पुढं काय होतं? आपण लहान होतो. हे नुसतं म्हणण्यापुरतं नाही. अमेरिकेतल्या योसेमिटी खोऱ्यात आलेल्या पर्यटकांना संशोधकांनी कागदावर स्वतःचं चित्र काढायला सांगितलं. तसंच सॅन फ्रान्सिस्कोच्या गजबजलेल्या बंदरावरच्या पर्यटकांनाही. कड्याकपारींसमोर उभ्या माणसांनी स्वतःला बंदरावरच्यांपेक्षा लहान काढलं. दुसरा एक प्रयोग बर्कलीच्या विद्यापीठात झाला, २०१५ साली छापून आला. तिथं नीलगिरीच्या उंच झाडांची राई आहे. काही विद्यार्थ्यांना एक मिनिट मान वर करून झाडांकडे बघायला सांगितलं, काहींना तिथंच उभं राहून बाजूच्या इमारतीकडे. मग प्रयोग घेणाऱ्याच्या हातून मुद्दाम पेनं सांडली. झाडांकडे बघितलेल्यांनी जास्त पेनं उचलून दिली. (आपल्याकडे नीलगिरीकडे मान वर करून कोण बघतो? सरकारी लागवड म्हणून तिला कुणी झाडसुद्धा म्हणत नाही. पण कॅलिफोर्नियात ती परकी, आणि इथंही परकीच, तेव्हा तक्रार झाडाविषयी नसावी.)

लहान होणं सुखाचं कसं असेल, हा प्रश्न मला बरेच दिवस छळत होता. आपण रोजच लहान होतो की. साहेबासमोर होतो, बँकेच्या काउंटरसमोर होतो, एखाद्या कचेरीत आपल्याला न येणाऱ्या भाषेतला फॉर्म हातात पडला की होतो. सीमाभागातल्या माणसाला याचं वेगळं शिक्षण द्यावं लागत नाही. पण तिथं आपण लहान होतो तेव्हा समोरचा कुणीतरी आपल्या जिवावर मोठा होत असतो. कड्यावर तसं नाही. दरीला तुमच्याशी काही देणंघेणं नाही. माझ्या मित्राचा परत आलेला लॉट, त्याचं कर्ज, पोराची दहावी, हे सगळं त्याच्याबरोबरच लहान होतं. त्याला 'बरं वाटतं' ते याचं.

सगळ्यांना असं होतंच असंही नाही. फ्रेंच लेखक रोमाँ रोलाँ यांनी १९२७ साली सिग्मंड फ्रॉइड यांना पत्र लिहून आपल्याला जाणवणारी एक भावना कळवली होती: कशालाच कड नाही, आपण त्या अथांगाचाच भाग आहोत, समुद्रासारखं काहीतरी. रोलाँ तेव्हा रामकृष्ण परमहंसांच्या अभ्यासात बुडालेले होते. फ्रॉइडनी १९३० साली त्याला जाहीर उत्तर दिलं, आणि प्रामाणिकपणे लिहिलं की मला स्वतःत अशी काही भावना सापडत नाही. या बाबतीत माझ्या मित्राची बायको फ्रॉइडच्या बाजूची.

उत्क्रांतीचं कारण सांगितल्याशिवाय हा विषय कुणी सोडत नाही, म्हणून तेही. १९८४ साली जीवशास्त्रज्ञ ई. ओ. विल्सन यांनी मांडलं की सजीवांची ओढ माणसाच्या रक्तातच आहे. त्याआधी, १९७५ साली, जे ॲपल्टन या इंग्रज भूगोलतज्ज्ञानं म्हटलं होतं की जिथून लांबवर दिसतं पण आपण कुणाला दिसत नाही अशी जागा माणसाला आवडते, कारण शिकारीच्या काळात तीच जगवत होती. हे दुसरं पटण्यासारखं आहे. राजहंसगडावर जाऊन बघा. आत एवढी मोकळी जागा असून माणसं तटाच्या कडेला, पाठीला भिंत किंवा झाड घेऊनच बसतात. पण आपण गवताळ माळावर घडलो म्हणून आपल्याला मोकळं माळरान आवडतं, या मताशी माझं जमत नाही. तसं असतं तर अथणी-सौंदत्तीच्या माळाकडचे लोक सगळ्यात तृप्त असायला हवे होते. प्रत्यक्षात पावसाळ्यात चोर्ल्याला त्यांच्याही गाड्या लागलेल्या असतात. लाखो वर्षांपूर्वीचं कारण दिलं की उलटतपासणीला साक्षीदार मिळत नाही, हा या मतांचा मोठा सोयीचा भाग.

आता मी ज्या गोष्टीसाठी हे लिहायला बसलो ती.

माझी एक आत्ती खानापूर तालुक्यात, भीमगडच्या रानाला लागून असलेल्या एका वाडीत राहते. भीमगड हे अभयारण्य २०११ साली जाहीर झालं, क्षेत्र सुमारे १९० चौरस किलोमीटर. म्हादई याच डोंगरातून निघून गोव्याला उतरते, मलप्रभा कणकुंबीला उगम पावून उलट पूर्वेला जाते. बारापेडेच्या गुहांत रॉटनचं वटवाघूळ आहे, जगात फार थोड्या ठिकाणी सापडणारं. हे सगळं आत्तीला ऐकवत मी एकदा तिच्या सोप्यात बसलो होतो. भात पोटरीला आलेलं. ती एका पत्र्याच्या डब्याला सुतळी बांधत होती आणि मधूनमधून बॅटरीची बटणं दाबून सेल आहेत का बघत होती.

मी म्हटलं, "आत्ती, काय सुंदर आहे गं तुमचं रान."

"सुंदर म्हणतोस होय?" ती म्हणाली. "आज रातीला राखणीला ये. मग सांग."

डबा गव्यांसाठी होता. रात्री गवे भातात उतरले की सकाळी लोळवलेलं शेत बघायचं, एवढंच हातात राहतं. पहाटे रानात गेलेल्या माणसाला अस्वलानं धरल्याच्या गोष्टी तिथं गोष्टी नसतात. त्या माणसाचं नाव, आडनाव आणि कुठल्या घरचा ते सांगितलं जातं. तोच गवा मी कणकुंबीच्या रस्त्यावर गाडीच्या काचेतून बघितला होता तेव्हा माझ्या अंगावर काटा आला होता, सुखाचा. एडमंड बर्क या आयरिश विचारवंतानं १७५७ सालीच हे लिहून ठेवलंय. भव्यतेच्या अनुभवाच्या मुळाशी भीती असते, पण धोका फार जवळ आला तर त्यात सुख उरत नाही. थोडं अंतर राहिलं तरच ती भीती आनंदाची होते. म्हणजे चोर्ल्याला आम्हाला जे झालं त्यात त्या कठड्याचा मोठा वाटा होता. आत्तीच्या शेताला कठडा नाही.

मग आत्तीला रानाची ओढ नाही का? मला तसंच वाटत होतं. मागच्या वर्षी ती मोतीबिंदूच्या ऑपरेशनला आमच्याकडे येऊन दहा दिवस राहिली. चौथ्या दिवसापासून ती दुपारी गॅलरीत जाऊन पश्चिमेला तोंड करून उभी राहायला लागली. डोळ्याला हिरवी पट्टी, तरी.

"काय बघतेस गं?"

"पाऊस कुठवर आलाय ते."

मग बोलत राहिली. फणसाखाली पान पडून वाट निसरडी झाली असेल. विहिरीकडच्या कुडाला भोक आहे, त्यातून शेजारची शेळी येते. वाडीच्या वरच्या अंगाला, पाऊस लागला की, ओल्या मातीचा वास आधी येतो आणि सरींचा आवाज मागून. तिनं एकदाही 'रान', 'जंगल', 'निसर्ग' म्हटलं नाही. यी-फू तुआन या भूगोलतज्ज्ञानं मोकळा अवकाश आणि ठिकाण यांत फरक केलाय: नुसता अवकाश आपल्या ओळखीचा झाला, त्यातल्या कोपऱ्याकोपऱ्याला अर्थ आला, की तो ठिकाण बनतो. माझ्या मित्राला ओढ आहे ती अनोळखी अवकाशाची. तिथं त्याचं काही नाही, म्हणून तो मोकळा होतो. आत्तीची ओढ ओळखीच्या ठिकाणाची. तिथं तिचं सगळं आहे. एकाच डोंगराकडे तोंड करून उभी असलेली ही दोन माणसं जवळजवळ उलट गोष्टी मागत असतात, आणि आपण दोघांनाही 'निसर्गप्रेमी' म्हणून मोकळे होतो.

भाषेतही याची खूण आहे. आमच्याकडे 'रान' म्हणजे जंगल आणि रान म्हणजे शेतही. "बाबा कुठं हाईत?" "रानात गेल्यात." म्हणजे शेतावर. आणि 'जंगल' हा शब्द ज्या 'जांगल' शब्दावरून आला तो संस्कृतात कोरड्या, विरळ झुडपांच्या मुलखाला लावत. आयुर्वेदात देशाचे प्रकार सांगतात त्यात जांगल म्हणजे कोरडा आणि आनूप म्हणजे पाणथळ. त्या हिशेबानं आपल्या जिल्ह्यात जांगल म्हणावा तो अथणीचा माळ, आणि भीमगडला निराळा शब्द शोधावा लागेल! माणूसच नसलेलं अफाट रान, ही कल्पना मुख्यतः अमेरिकेतून आली. यलोस्टोन १८७२ साली राष्ट्रीय उद्यान झालं, त्याचं क्षेत्र जवळपास ९,००० चौरस किलोमीटर. १९६४च्या तिथल्या कायद्यानं तर व्याख्याच केली की माणूस तिथं पाहुणा असतो, मुक्कामाला राहत नाही. हीच व्याख्या जशीच्या तशी उचलून भारतात लावली तर झळ गरीब वनवासी माणसाला लागते, असं इतिहासकार रामचंद्र गुहा यांनी १९८९ साली बजावलं होतं. आत्ती पाहुणी नाही. पाहुणे आम्ही, रविवारचे.

ओळखीच्या ठिकाणाची ओढ दुखायला लागते ती ठिकाण बदललं की. ग्लेन अल्ब्रेक्ट या ऑस्ट्रेलियन विचारवंतानं हंटर खोऱ्यातल्या उघड्या कोळसाखाणींच्या शेजारी राहणाऱ्या लोकांशी बोलून या दुःखाला 'सोलास्टाल्जिया' असं नाव दिलं. परगावी गेलेल्या माणसाला घराची आठवण येते. इथं माणूस घरीच असतो आणि घर निघून गेलेलं असतं. म्हादईचं पाणी मलप्रभेत वळवायला कणकुंबीला कळसा नाल्याचं खोदकाम झालं, त्यानंतर तिकडच्या एका म्हाताऱ्यानं मला रस्त्यात थांबवून एक ठिकाण दाखवलं होतं. "इथं वझर होता," म्हणाला, आणि हातानं पाण्याची उंची दाखवली, गुडघ्याच्या जरा वर. प्रकल्प बरोबर की चूक हा वाद लवादापर्यंत जाऊन आला, तो इथं काढत नाही. पण त्या हाताची उंची कुठल्याच कागदावर आलेली नसणार.

राहिली शेवटची गोष्ट, आणि हीच मित्राला सगळ्यात जास्त लागू आहे. जर्मन भाषेत 'झेनझुख्त' असा शब्द आहे. त्यातला पहिला तुकडा तळमळण्याचा, आणि दुसरा आज व्यसनाला वापरतात. आपल्याकडे हुरहूर म्हणावी, आस म्हणावी, थोडी असोशी म्हणावी. बर्लिनच्या माक्स प्लांक संस्थेत पॉल बाल्टेस, सुझान शायबे आणि अलेक्झांड्रा फ्रॉइंड यांनी या भावनेचा रीतसर अभ्यास केला, तो २००७च्या सुमारास छापून आला. त्यांनी जी लक्षणं सांगितली त्यांतली काही वाचताना मला मित्राचा चेहरा दिसत होता. ही ओढ ज्याची असते ते पुरतं मिळण्यासारखं नसतं. तिच्यात गेलेले दिवस, आजचे दिवस आणि पुढचे दिवस एकदम मिसळलेले असतात. ती गोड आणि कडू एकाच वेळी असते. आणि ज्याची ओढ असते ते बहुतेक वेळा दुसऱ्याच कशाचं तरी प्रतीक असतं. मित्र दहावीत असताना त्याच्या वडिलांनी त्याला स्कूटरवरून चोर्ल्याला नेलं होतं, एकदाच. हे त्यानं मला वीस वर्षांच्या ओळखीनंतर सांगितलं.

याला जोडून मेंदूचं एक काम सांगायला हवं. मिशिगनचेच केंट बेरिज यांनी दाखवलंय की हवंसं वाटणं आणि मिळाल्यावर आवडणं या मेंदूतल्या दोन वेगळ्या यंत्रणा आहेत. डोपामिन या मेंदूतल्या रसायनाचा संबंध मुख्यतः पहिलीशी. एखादी गोष्ट जितकी हवीशी वाटते तितकी ती मिळाल्यावर आवडेलच असं नाही, आणि हे माणूस अनुभवातून शिकतो असंही नाही. बर्लिनच्या अभ्यासात मात्र एक दिलासा होता: ओढ फार तीव्र असणारी माणसं एकूणात कमी समाधानी दिसली, पण तिचा लगाम आपल्या हातात आहे असं ज्यांना वाटतं त्यांना ती तितकी जाचत नव्हती.

हे मी सांगतोय कारण मित्र गेल्या वर्षी जांबोटी रस्त्याला पाच गुंठे घ्यायला निघाला होता. त्या रस्त्यानं जाताना दोन्ही बाजूंचे 'फार्म प्लॉट' विक्रीचे फलक बघितले तर असे किती मित्र आहेत ते कळतं. मी म्हटलं, इसार देऊ नकोस, आधी आत्तीकडे आठ दिवस राहून ये. जुलैत. तो खुशीत गेला. पहिल्या रात्री मला पावसाच्या आवाजाचं रेकॉर्डिंग पाठवलं, चार मिनिटांचं. दुसऱ्या दिवशी भाकरीचा आणि नाचणीच्या आंबिलीचा फोटो. तिसऱ्या दिवशी काही आलं नाही. चौथ्या दिवशी संध्याकाळी फोन आला, वाडीबाहेरच्या मोरीवरून, कारण रेंज तिथंच येते. टॉवेल तीन दिवसांत वाळला नव्हता, काडेपेटी सर्दावली होती, मोज्यात जळू निघाली होती आणि आत्तीनं त्याला दोन रात्री राखणीला नेलं होतं.

"खानापूरला उद्या सकाळची पहिली बस किती वाजता हाय रे?" त्यानं विचारलं.

सोमवारी आम्ही चहाला भेटलो. पायावरचा जळवेचा डाग त्यानं चारचौघांना दाखवला. प्लॉटचं काय झालं म्हणून मी विचारलं, तर म्हणाला, "राहू दे की. बघू." मग फोन काढला, हवामानाचं पान उघडलं आणि कणकुंबीवर बोट ठेवून माझ्यासमोर धरलं. शनिवार-रविवार, दोन्ही दिवस निळे.

"येतोस काय?"